दुसऱ्याच्या संसारात लक्ष घालण्याची शास्त्रशुद्ध पद्धत

स्वतःचं आयुष्य फारच कंटाळवाणं झालं असेल तर खचून जाऊ नका. शेजारी दुसऱ्याचं आहेच.

सुरुवात नेहमी "आपल्याला काय करायचंय म्हणा" या वाक्याने करावी. एकदा ते म्हटलं की पुढचा पाऊण तास मोकळा मिळतो. आवाज थोडा खाली, चेहरा काळजीचा. "बिचारी" हा शब्द पहिल्या मिनिटातच येऊ द्या. तो आला की निंदेची आपोआप कळकळ होते.

पुराव्याच्या नादी लागू नका. ती हल्ली एकटीच दिसते, नवऱ्याचा विषय काढला की गप्प होते, रात्री दोनला दिवा चालू असतो, परवा कुणीतरी गाडीतून सोडायला आलं होतं. एवढं भांडवल पुष्कळ झालं. तापाने फणफणलेलं मूल, ऑफिसचं काम, सख्खा भाऊ असल्या शक्यता तपासत बसलात तर विषयच संपेल. (रात्री दोनला तो दिवा आपल्याला कसा दिसला, असं विचारणं असभ्यपणाचं आहे.)

मग त्याच माणसांना तीच गोष्ट पुन्हा सांगा. विधान वारंवार कानावर पडलं की जास्त खरं वाटू लागतं, हे मानसशास्त्रज्ञांनी १९७७ सालीच प्रयोगातून दाखवलंय. म्हणजे तुमचं काम निम्मं झालं!

कुणी संयुक्त राष्ट्रांचा १९४८चा मानवी हक्कांचा जाहीरनामा तोंडावर फेकेल. त्याच्या बाराव्या कलमात खासगी आयुष्यात मनमानी ढवळाढवळ नको, अब्रूवर हल्ला नको, असं लिहिलंय खरं. पण आपण ढवळाढवळ कुठे करतो? आपण चौकशी करतो.

धोका एकच. दुसऱ्याचा जो दुर्गुण आपण रंगवून सांगतो, तोच ऐकणाऱ्याच्या मनात नकळत सांगणाऱ्याला चिकटतो, असं १९९८च्या एका संशोधनात आढळलं. तेव्हा "मी नाही हो, लोक म्हणतात" हे मधूनमधून पेरत राहा.

बातमी खोटी निघाली तर "मला तेव्हाच पटलं नव्हतं" म्हणून मोकळं व्हा. खुलासा करत दारोदार फिरायची गरज नाही; तो ऐकायला कुणाला वेळ असतो? आणि एवढं सगळं झाल्यावर तिने समारंभांना येणं सोडलं, फोन उचलेनाशी झाली, शेवटी घरच बदललं, तर हातचा विषय गेला म्हणून हळहळू नका. नवा आयता मिळालाय: "काही नव्हतंच, तर गेली कशाला?"