अथेन्सचं सुवर्ण नशिबाचं नव्हे

ब्रिटिश धावपटू मार्लन डेव्हनिशवरचा लेख आवडला, पण 2004 च्या अथेन्स ऑलिंपिकमधलं 4x100 मीटर रिलेचं सुवर्ण ‘अमेरिकेच्या चुकीमुळे’ मिळालं हे अर्धंच खरं. ब्रिटन 38.07 सेकंद, अमेरिका 38.08. अमेरिकेच्या गॅटलिन-मिलर यांच्या बदलात (बॅटन, म्हणजे रिलेची दांडी, एकाने दुसऱ्याकडे देताना) मिलरला वेग तोडावा लागला, हे बरोबर. पण 100 मीटरच्या अंतिम फेरीत एकही ब्रिटिश धावपटू नव्हता. तरी गार्डनर, कॅम्पबेल, डेव्हनिश, लुईस-फ्रान्सिस यांनी तीन बदलांत वेग सांडू दिला नाही, हेही लिहायला हवं होतं.

डेव्हनिशचा तिसरा टप्पा वळणावरचा. बॅटन उजव्या हातात घ्यायची, म्हणजे लेनच्या आतल्या कडेला चिकटून धावता येतं, आणि तशीच पुढच्याच्या डाव्या हातात द्यायची. दुसऱ्या टप्प्यातल्या धावपटूसारखा हा गडीही दोन बदलांत अडकलेला असतो. तेव्हा बदलाचा पट्टा 20 मीटरचा होता, त्याआधी 10 मीटर वेग घ्यायला (आता सलग 30). येणारा धावपटू ट्रॅकवर लावलेल्या चिकटपट्टीच्या खुणेवर आला की मागे न बघता सुटायचं. अर्धं पाऊल लवकर सुटलात तर हात पोचत नाही, उशिरा सुटलात तर मागचा अंगावर येतो. आणि पंच बॅटन कुठे आहे ते बघतात, पाय नव्हे.

डेव्हनिशचा 200 मीटरचा सराव इथे कामी आला. 2003 चा 200 मीटरचा इनडोअर विश्वविजेता तो, आणि इनडोअर ट्रॅकची वळणं तर आणखी आवळलेली!

लेखात 2003 च्या पॅरिस विश्व स्पर्धेतलं रिले रौप्य अजून त्याच्या नावावर दाखवलंय. त्या संघातल्या ड्वेन चेंबर्सच्या डोपिंगमुळे ते त्या चौघांचंही गेलं. तेवढं दुरुस्त करा.