सरकारवर प्रेम नसण्याचा गुन्हा

परवा धाकट्या भावाचा पुण्याहून फोन. "ताई, गोऱ्यांचा राजद्रोह आम्ही काढून टाकला. तुमच्याकडे आहे का अजून?" म्हटलं, इंग्लंडात तो २००९ च्या कायद्यानेच रद्द झाला. मग विचारलं, "आर्थर स्ट्रॅची माहितीये?" नव्हता. टिळकांचा राजद्रोहाचा खटला म्हटलं की आपल्याला १९०८ चे न्यायमूर्ती दावर आठवतात. १८९७ चा गोरा न्यायाधीश कुणालाच नाही.

हा स्ट्रॅची तेव्हा चाळिशीच्या आतला. वडील सर जॉन म्हणजे हिंदुस्थान नावाचा देश कधी नव्हताच, असं केंब्रिजच्या व्याख्यानांत सांगणारे. मुलगा अलाहाबादेत वकिली करून मुंबई हायकोर्टात न्यायाधीश झाला. 'केसरी'तले 'शिवाजीचे उद्गार' त्याच्यापुढे आले ते भाषांतरातून. त्याने ज्युरीला सांगितलं, राजद्रोहाच्या कलमातलं 'डिसअफेक्शन' म्हणजे सरकारवरच्या प्रेमाचा अभाव. पुढे द्वेष, वैर, तुच्छता अशी यादी जोडली खरी, पण लक्षात राहिलं ते पहिलंच. सहा युरोपियन ज्युरर म्हणाले दोषी, तीन हिंदी म्हणाले निर्दोष. दीड वर्षाची सक्तमजुरी.

मागे मला इथे क्राउन कोर्टात ज्युरीवर बोलावलं होतं. पाणचट चहा, दिवसचे दिवस नुसतं ताटकळणं. आतलं बोलणं बाहेर सांगायला बंदी आहे, सांगत नाही. पण नियम सांगते: आधी एकमत मागतात, ते जमेनाच तर बारांपैकी निदान दहा लागतात. गळती होऊन नऊच उरले, तर नवांचं एकमत हवं. १८९७ च्या इंग्लंडात बाराच्या बारा लागत. सहा विरुद्ध तीनवर लंडनचा खिसेकापूसुद्धा आत गेला नसता. स्ट्रॅचीच्या देशाचा न्याय चांगलाच होता, फक्त तो बोटीत बसून आपल्याकडे आला नाही.

इथलं सगळं आलबेल आहे असंही नाही. पाटी धरून उभ्या राहिलेल्यांना इथेही पोलीस उचलतात. पण "गोऱ्यांचा कायदा गेला" एवढ्यावर मी खूश होणार नाही. व्याख्या सैल असली की कायदा कुणी लिहिला याने काय फरक पडतो?

स्ट्रॅची पुढे अलाहाबादेत मुख्य न्यायाधीश झाला, १९०१ मध्ये वारला. भावाला मी तुमच्या नव्या भारतीय न्याय संहितेचं कलम १५२ मोठ्याने वाचायला लावलं. राजद्रोह शब्द नाही. एकता, अखंडता, सार्वभौमत्व. जन्मठेप किंवा सात वर्षांपर्यंत कैद.

"जुन्या राजद्रोहाच्या कलमात किती होती?" त्याने विचारलं.

"जन्मठेप, नाहीतर तीन वर्षांपर्यंत."

"मग तिनाची सात कशी झाली?"

"ते तूच शोध," म्हटलं, "मला कामावर जायचंय."