घटका बुडाली, यादी लागली नाही

काळमांत्रिक, म्हणजे वेळेवर मंत्र चालवणारा, व्हायचं ठरवलंत? अभिनंदन. नाशकात सातपूर-अंबडच्या कंपनीत चिकटण्यापेक्षा हे केव्हाही बरं. तिथे आठ तासांचे आठच तास होतात. आता मी सांगतो ते ऐका. तीनदा प्रवेशचाचणी दिलीय मी. पास झालेल्यांना विचारायला जाऊ नका, ते कुठल्या सालात आहेत तेच कळत नाही.

आधी क्लास लावा. कॉलेज रोडला ज्याच्या फलकावर जास्तीत जास्त फोटो, तो चांगला. फोटोतली मुलं अजून पास झालेली नाहीत, पुढे होणार आहेत, असं खाली बारीक अक्षरात लिहिलेलं असतं. फी मात्र आजच्या तारखेला घेतात. सरांचं स्वतःचं सिलेक्शन कधी झालं नाही, पण त्यांचा एक तास अडीच तासांचा वाटतो. हीच म्हणे पहिली सिद्धी.

अर्ज भरताना जन्मदाखल्याला जपा. वय उलटलेले काही हुशार मागे जाऊन नव्याने जन्म घेऊन येतात आणि छाननीत अडकतात, कारण शाळा सोडल्याचा दाखला जन्माच्या आधीचा निघतो. बाकी दाखल्यांसाठी खिडकीवर 'उद्या या' ऐकावं लागेल. काळावरचा तो सर्वांत जुना मंत्र आहे, आणि तो खिडकीच्या आतल्या बाजूनेच लागू पडतो.

हॉल तिकीट नीट वाचा. पेपर नाशिकच्या स्थानिक वेळेने दहाला. देशाची प्रमाणवेळ 1 जानेवारी 1906 पासून 82.5 अंश रेखांशावरची. आपला सूर्य तिच्या सुमारे 35 मिनिटं मागे. म्हणजे तुमच्या मनगटावर साधारण दहा पस्तीस झाले की पेपर सुरू. फाटक मात्र प्रमाणवेळेने, दहाच्या ठोक्याला बंद होतं. मधली 35 मिनिटं कशी ओलांडायची, हा ज्याचा त्याचा प्रश्न. तो दहा गुणांना आहे.

खरी परीक्षा गोदाघाटावर, घटिकापात्राची. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडतात. 24 मिनिटांत, म्हणजे 60 पळांत, ती भरून बुडते. तुम्ही ती हात न लावता एक पळ जास्त तरंगवायची. एक पळ म्हणजे फक्त 24 सेकंद! भोकात मोती अडकवायचा विचार मनातून काढा. भास्कराचार्यांच्या लेकीचा मुहूर्त मोत्यामुळे हुकल्याची दंतकथा मंडळानेही ऐकलेली आहे, म्हणून तर दारातच नथ, कुडी, अंगठी उतरवून घेतात. मुलं कुरकुरतात, मुलींच्या आया भांडतात, आणि तेवढ्यात पहिल्या तुकडीची वाटी बुडून जाते.

माझी पहिल्या खेपेची चूक करू नका. मी वेळ खरोखरच थांबवली. वाटी थांबली, गोदावरी थांबली, रामकुंडातल्या माणसाची बुडी अर्ध्यात थांबली. त्याबरोबर परीक्षकाचं घड्याळही थांबलं आणि शेरा पडला: वाढीव वेळ शून्य. तेव्हा मंत्रबिंत्र राहू द्या, परीक्षकाला कटिंग पाजा. गरम चहावर फुंकर मारण्यात चोवीस सेकंद कधीच जातात आणि तेवढा वेळ त्याचं लक्ष वाटीकडे नसतं.

पुराची चाचणी पावसाळ्यात. गंगापूर धरणातून पाणी सुटलं की गोदापात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या छातीला लागलेलं पाणी कालच्या पातळीवर न्यायचं. सोपी आहे, फक्त मोजणीत घाई नको. माझ्या पुढच्या पठ्ठ्याने दिवसाऐवजी वर्षं मोजली आणि थेट 1969 चा पूर आणून ठेवला. सराफ बाजारातल्या लोकांनी त्याला अजून शोधणं सोडलेलं नाही.

घरी जाऊन, उत्तरं पाहून, मागे येऊन पेपर पुन्हा लिहू नका. तो गैरप्रकार धरतात. (ज्याला ते जमलं त्याला विद्या येते हे उघड आहे. पण विद्या वापरली म्हणून तो बाद. उरतात ते पात्र उमेदवार, म्हणजे आपण.)

निकालाची घाई करू नका. दुसऱ्या खेपेला मला लेखी उत्तर मिळालं होतं, 'सिंहस्थाआधी लागेल'. कुठल्या सिंहस्थाआधी ते लिहिलं नव्हतं. 2003 चा गेला, 2015 चा गेला, आता 2027 च्या नावाने रस्ते उकरलेत. आमची आई म्हणते, "वेळ घालवायची परीक्षा असती तर पहिला आला असतास." तिला काय सांगणार? गुणपत्रिकेत तो विषय आहे, पण ऐच्छिक.

बाकी काही अडलं तर क्लासच्या फलकाखाली भेटा. ओळख पटायला अडचण नाही. वरून तिसरी ओळ, डावीकडचा पहिला फोटो माझाच आहे. केस तेवढे पांढरे दिसतात त्यात, आणि हातात काठी आहे.