दोन स्टारच्या रिव्ह्यूला आमचं उत्तर: तो ‘रिकामा’ पाऊण तास

नमस्कार ताई,

तुमचा रिव्ह्यू वाचला. तुमच्या लग्नाचं नियोजन आमच्याकडे होतं. त्या दिवशी तुमची धावपळ झाली, घरच्यांचे फोटो मनासारखे निघाले नाहीत, याबद्दल मनापासून माफी मागतो. तुमचा राग समजतो.

पण तुम्ही लिहिलंय की आम्ही वेळापत्रकात पाऊण तास ‘उगाच रिकामा’ ठेवून दिवस लांबवला, त्याचे पैसे लावले, आणि तरीही विधी ‘एक तास’ उशिरा सुरू झाले. हे वाचून फार लागलं. आमचं सगळं काम अशा रिव्ह्यूंवरच येतं, त्यामुळे थोडं सविस्तर लिहितोय. लांबलं तर सांभाळून घ्या.

वेळापत्रक आम्ही उलट्या बाजूने मांडतो. हलवता न येणाऱ्या वेळा आधी लिहायच्या आणि तिथून मागे यायचं. तुमच्याकडे अशा दोन होत्या: विधी १२:३० ला आणि हॉल सोडायचा ५ ला. पाहुणे बसायला आणि तुम्हाला श्वास घ्यायला २० मिनिटं, प्रवास ३०, गाडीत बसायला १०. मॅपवर तो रस्ता २० मिनिटांचा दिसतो हे खरं. मॅप गाडीचा वेळ सांगतो. जड कपड्यात गाडीतून उतरणारी नवरी, मागे राहिलेली बॅग, पार्किंग हे त्यात नसतं, म्हणून आम्ही मॅपच्या वेळेची दीडपट धरतो. असं मागे येत निघायची वेळ ११:३० ठरली.

आता सकाळ. मेकअप आणि केस मिळून नवरीला २ तास, बाकी प्रत्येकीला ४० मिनिटं. हे गणित केस धुऊन, वाळवून आलेल्या माणसाचं आहे. ओले केस असतील तर ड्रायरलाच १०-१५ मिनिटं जातात. ठरलेली माणसं तुम्ही आणि आणखी पाच जणी, मेकअप आर्टिस्ट दोघी. पहिलीकडे एक जण आणि मग तुम्ही, दुसरीकडे चौघी. दोन्हीकडे बरोबर १६० मिनिटं. ७ ला सामान मांडून ७:१५ ला पहिला ब्रश लागला की ९:५५ ला सगळं संपतं. नंतर कपडे आणि दागिने ३० मिनिटं (मागचे हूक, पिना, दागिन्यांचे फासे यातच अर्धा वेळ जातो, आणि ते एकटीने होत नाही), तुमचे एकटीचे फोटो २० मिनिटं. वाजले १०:४५. तिथून ११:३० पर्यंतचा तुमचा तो रिकामा पाऊण तास.

तो तिथेच का, हेही सांगतो. प्रत्येक कामामागे पाच-पाच मिनिटं वाटून टाकली की ती कुणाला दिसत नाहीत आणि चहात, फोनवर विरून जातात. शेवटी ठेवला तर उपयोग शून्य, कारण विधी तोवर चुकलेले असतात. सगळा मोकळा वेळ एकगठ्ठा, न हलणाऱ्या वेळेच्या अलीकडे, म्हणजे निघण्याआधी ठेवला तरच तो कामाला येतो. आणि तो आला, ताई.

त्या सकाळी मेकअपला आणखी तिघी बसल्या. हौस आहे, आमची ना नव्हती. एक दुसऱ्या आर्टिस्टकडे शेवटी बसली, तिचा कुणालाच त्रास झाला नाही. बाकीच्या दोघी पहिलीकडे, आणि त्याही तुमच्या आधी. आमच्या टीममधल्या मुलीने तेव्हाच सुचवलं होतं की आधी तुम्हाला बसवू, या दोघींचं तुमच्यानंतर करू. ९:५५ पासून ११:३० पर्यंत ९५ मिनिटं होती, दोघींना लागणार होती ८०. निघायच्या आधी त्यांचं आटोपलं असतं आणि विधी वेळेवर लागले असते. खोलीतून उत्तर आलं, ‘नवरी शेवटीच बसते.’ लग्नघरात आम्ही यापुढे वाद घालत नाही.

मग तुमचं ९:५५ चं काम ११:१५ ला संपलं. ८० मिनिटं गेली, त्यातली ४५ त्या रिकाम्या वेळेने झेलली. उरली ३५. विधी १:०५ ला सुरू झाले. तो पाऊण तास नसता तर १:५० झाले असते.

पैशांचं म्हणाल तर आमची फी दिवसाची आहे, त्यात वेळापत्रकातल्या मिनिटांनी फरक पडत नाही. फोटोग्राफर तासांवर असतो, त्यामुळे त्याच्या बिलात तेवढा वेळ धरला गेला, हे खरं. पण त्या वेळात तो मोकळा बसला नव्हता, तयारीचेच फोटो काढत होता. अल्बममध्ये ते आहेत.

आता फोटो ‘२५ मिनिटांत उरकले’ याबद्दल. विधी १:३० ला संपून २:१५ ला जेवण, मधली ४५ मिनिटं घरच्यांच्या फोटोंना, असं ठरलं होतं. यादीत १२ गट होते. एका गटाला आम्ही ३ मिनिटं धरतो. फोटो अर्ध्या मिनिटात निघतो, बाकीचा वेळ ‘काका कुठे गेले’ यात जातो. विधी २:०५ ला संपले. जेवण आम्ही स्वतः केटररशी बोलून २:३० वर नेलं. त्यापुढे नेलं असतं तर १५० माणसं उपाशी उभी राहिली असती आणि त्याचा रिव्ह्यू वेगळा आला असता. २५ मिनिटांत यादीतले ८ गट झाले: मोठा घोळका आधी, वयस्कर मंडळी त्याच्या लगेच मागे, म्हणजे ती जाऊन बसू शकतात. उरलेले ४ जेवणानंतर झाले. यादीतला एकही गट राहिलेला नाही.

राहिले ते आयत्या वेळी स्टेजवर सुचलेले १९ गट. १२ आणि १९ मिळून ३१, ३ मिनिटांप्रमाणे ९३ मिनिटं. सगळं घड्याळाच्या काट्यावर चाललं असतं तरी ४५ मिनिटांत ते बसले नसते. दोन्ही घरांतून चेहरे ओळखणारा एकेक माणूस फक्त हाका मारायला द्या, असं आम्ही मागितलं होतं. ज्यांची नावं आली ते दोघेही वाढपावर लक्ष ठेवायला गेले होते. ‘चला, चला’ असा आवाज आमच्या मुलीला करावा लागला तो त्यामुळे. तिचा सूर तुम्हाला बोचला असेल तर तिच्या वतीने माफ करा.

घरच्यांच्या कागदावर निघायची वेळ ११:१५ आणि ड्रायव्हरच्या कागदावर ११:३०, याला तुम्ही ‘फसवणूक’ म्हटलंय. घरच्यांना १५ मिनिटं आधीची वेळ देतो, हे पहिल्या बैठकीत सांगितलं होतं. ३० माणसं सांगितल्या वेळेला दारात उभी राहत नाहीत.

यापुढे काही गोष्टी नक्कीच बदलू. मोकळा वेळ कशासाठी आहे ते कागदावरच लिहू, वाढीव मेकअपचंही काहीतरी ठरवू. तुमच्या राहिलेल्या गटांसाठी फोटोग्राफरशी बोललो आहे, घरी येऊन काही काढता येतील का ते तो बघतोय.

एक विनंती. जमलं तर रिव्ह्यूमधलं ‘एक तास उशीर’ तेवढं ‘३५ मिनिटं’ करा. स्टार राहू द्यात तुम्हाला वाटतील तेवढे.