धुरा सरकला? आधी ठाण्यात जा!

मृगाच्या तोंडावर वखर फिरलं आणि शेजाऱ्यानं यंदाही धुऱ्यातला, म्हणजे दोन वावरांमधल्या बांधातला, एक तास (औताची एक ओळ) आपल्या वावरात ओढून घेतला. आता मोजणीचा अर्ज वगैरे मनातही आणू नका. भूमी अभिलेख कार्यालयात पैसे भरा, तारीख घ्या, शेजाऱ्याला नोटीस जाऊ द्या, एवढं करून मोजणीच्या नकाशाची ‘क’ प्रत हातात पडणार आणि तीत तुमचीच पऱ्हाटी त्याच्या हद्दीत दोन हात उभी निघाली तर? शहाण्या माणसानं असला जुगार खेळू नये.

ठाण्यात जा. पोलिसांकडे मोजणीचं यंत्र नसतं, गटाचा नकाशा नसतो, आणि धुरा कोणाचा हे ठरवायचा अधिकार तर मुळीच नसतो. पण जीप असते. ती दारात उभी राहिली की अख्ख्या गावाला निकाल कळतो.

मात्र तिथं ‘धुरा’ हा शब्द तोंडातून काढायचा नाही. काढलात की ठाणेदार मान वर न करता म्हणतील, “हे दिवाणी मॅटर हाय भाऊ, कोर्टात जा.” (तेवढं एक वाक्य कायद्याला धरून असतं, म्हणूनच ते कोणाला आवडत नाही.) तुम्ही शिवीपासून सुरुवात करा. मग धमकी. कुऱ्हाड शेवटी आणा, आधीच आणली तर जमादार विचारतात, “दांडा कायचा होता?” बाभळीचा म्हणा.

मग एनसी होईल. म्हणजे अदखलपात्र. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 174 प्रमाणे मॅजिस्ट्रेटच्या हुकमाशिवाय पोलिसांना तिचा तपासही करता येत नाही. तुम्हाला कुठं तपास हवाय? कागदाची चार पदरी घडी करून खिशात ठेवा आणि संध्याकाळी पानठेल्यावर खर्रा घोटून होईस्तोवर सावकाश उलगडा.

घाई मात्र करा. शेजारी आधी पोचला तर तो अर्जदार आणि तुम्ही गैरअर्जदार. तशी शेवटी बरोबरीच होते म्हणा. त्याचीही एनसी लागते, तिच्यातही कुऱ्हाड असते, दांडाही बाभळीचाच. मग दोघांवर कलम 126 चा प्रस्ताव जातो, आणि मोजणी नको म्हणून ज्या तालुक्याच्या वाऱ्या तुम्ही टाळल्या, त्याच तालुक्याला कार्यकारी दंडाधिकारी म्हणून बसलेल्या तहसीलदारांपुढे शांततेचं बंधपत्र लिहून द्यायला तुम्ही दोघं जाता. प्रकरण फारच पेटलं तर कलम 164 आहे. त्यात ताबा कोणाचा एवढंच बघतात, मालक कोण ते नाही. म्हणजे पुढच्या साली वखर आधी कोण घालतो त्याला महत्त्व. झोपू नका.

पोलीस पाटलाला मध्ये घेऊ नका, त्याला तुमच्या आजानं धुरा कुठं घातला ते आठवतं. तंटामुक्ती समितीचंही तेच. 15 ऑगस्ट 2007 ला मोहीम सुरू झाली, वेशीवर फलक लागला. तो अजून आहे, त्याला बकऱ्या बांधतात. आणि दिवाणी कोर्टाचं नाव कोणी काढलंच तर हसा. सहा महिन्यांच्या आत दावा लावला तर मालकीचा घोळ न घालता गेलेला ताबा परत मागता येतो, असा कायदा आहे खरा, पण तेवढे महिने आपले जमादारांची वाट बघण्यातच जातात.

ते एक दिवस येतातच. “गाडीत पेट्रोल नाही” हे पहिलं वाक्य. त्याचा अर्थ तुम्हाला मी सांगायला नको. वावरात न्यायच्या आधी अंगणात बसवा, चहा पाजा. खुर्ची नसेल तर न्हाणीजवळच्या त्या चौकोनी गोट्यावर बसू द्या, ज्यावर घरचे कपडे आपटतात. तुमच्या बापानं तो वीस वर्षांपूर्वी धुऱ्यावरून बैलबंडीत घालून आणला होता. चहा घेता घेता जमादार वहीत लिहितील : हद्दीची खूण जागेवर मिळून आली नाही.