हनोईत वाटाड्या घ्यावा, पण पहिल्याच संध्याकाळी

“रस्त्यावरचे खायला माणशी दोन हजार रुपये, आणि तेही कोणीतरी बरोबर चालले म्हणून?” हा प्रश्न सांगलीतल्या आमच्या विश्रामबागेतील सकाळच्या फिरण्याच्या मंडळींनी मला गेल्या दोन आठवड्यांत किमान पाच वेळा विचारला. प्रत्येक वेळी माझे उत्तर अर्धवटच राहिले, म्हणून ते एकदा नीट लिहून काढत आहे.

ऑक्टोबरमध्ये आम्ही दोघे व्हिएतनामला जाऊन आलो. विमानाची आणि हॉटेलची तिकिटे मुलीने काढून दिली आणि हनोईतल्या पहिल्याच संध्याकाळी तीन तासांची खाद्यफेरीही तिनेच, आम्हाला न विचारता, नोंदवून ठेवली. आमचा त्याआधीचा परदेशप्रवास एकच, थायलंडचा, चाळीस माणसांच्या बसमधून झालेला. त्या सहलीत आयोजकांनी सोबत आचारी आणला होता, त्यामुळे सात दिवस आम्ही बँकॉकच्या रस्त्यांवरचे धुराचे लोट काचेआडून पाहिले आणि रात्री वरण-भात व पनीरची भाजी जेवलो. त्या वरणाला मी नावे ठेवणार नाही, कारण ते खरोखर चांगले होते. परंतु एखाद्या देशात आठवडाभर राहून तिथला भातसुद्धा न चाखता परत येणे म्हणजे लग्नाला जाऊन मांडवाबाहेरूनच आहेर देऊन येण्यासारखे आहे, हे मला तेव्हाही जाणवले होते.

हनोईत आमची वाटाडी म्हणजे महाविद्यालयात शिकणारी, जेमतेम बावीस वर्षांची मुलगी होती. होआन किएम तलावापाशी आम्ही आठ जण जमल्यावर तिने पहिली गोष्ट केली ती अशी, की प्रत्येकाला काय चालत नाही ते विचारून वहीत लिहून घेतले. पत्नी शाकाहारी, मात्र अंडे चालणारी. मी रविवारचा मटणकरी, पण गोमांस आणि डुकराचे मांस वर्ज्य. ते ऐकून तिने कपाळाला हात लावला नाही, हेच पुष्कळ झाले, कारण हनोईच्या पदपथावर डुकराचे मांस नसलेला पदार्थ शोधणे म्हणजे सांगलीत हळद न घातलेली भाजी शोधणे आहे. शाकाहाराला तिथे ‘चाय’ म्हणतात. तिने दोन वेळा “चाय, चाय” म्हटल्यावर पत्नीने “आत्ता चहा नको” असे नम्रपणे सांगितले, आणि हा घोळ उलगडायला थोडा वेळ लागला. तिथले अनेक बौद्ध लोक चांद्र महिन्याच्या पहिल्या दिवशी आणि पौर्णिमेला ‘चाय’ पाळतात, हे कळल्यावर मात्र पत्नीला ते शहर एकदम ओळखीचे वाटू लागले.

या मुलीचा मला सर्वांत आवडलेला गुण तिचा प्रामाणिकपणा होता. तिथे ‘नुऑक माम’ नावाचा एक रस जवळजवळ सगळ्यांत असतो. लहान मासे आणि मीठ महिनोन् महिने पिंपात मुरवून तो काढतात. ताटात मांस दिसत नाही म्हणून पदार्थ शाकाहारी झाला, असे ती कधीही म्हणाली नाही. “यात माशाचा रस आहे, वाटी बाजूला ठेवायला सांगू का?” असे ती दर ठिकाणी विचारत होती. दोन हजार रुपयांतील निम्मे मी या एका वाक्याचे धरतो. स्वतः गेलो असतो तर हा प्रश्न विचारायला आम्हाला भाषा नव्हती, आणि विचारला असता तरी मिळालेल्या उत्तरावर विश्वास ठेवायला काही आधार नव्हता.

हनोईच्या जुन्या भागाला छत्तीस गल्ल्यांचा भाग म्हणतात आणि पुष्कळ गल्ल्यांची नावे तिथे विकल्या जाणाऱ्या मालावरून पडलेली आहेत: ‘हांग बाक’ म्हणजे चांदीची, ‘हांग दुओंग’ म्हणजे साखरेची. आपल्याकडे कापड पेठ आणि सराफ कट्टा आहेत, त्याच जातीचा हा प्रकार. अशाच एका गल्लीत बान कुऑन करणारी बाई बसली होती आणि तिच्यापुढे मी किती वेळ उभा राहिलो ते मला सांगता येणार नाही. उकळत्या पाण्याच्या भांड्यावर घट्ट ताणून बांधलेले कापड, त्यावर पळीभर तांदळाचे पातळ पीठ, पळीच्या बुडानेच ते गोल पसरवायचे, वर झाकण, क्षणभराने झाकण काढून बांबूच्या चपट्या पट्टीने ती पारदर्शक चकती अलगद उचलायची, आत खिमा आणि काळी अळंबी घालून गुंडाळायची आणि वर तळलेला कांदा भुरभुरायचा. पत्नी माझ्या कानात म्हणाली, “अहो, या तर ओल्या सालपापड्या!” अगदी खरे होते. उन्हाळ्यात आमच्या गच्चीवर वाळत घालायच्या आधी निम्म्या सालपापड्या मुले ओल्याच फस्त करत आणि आजी ओरडत असे. इथे अख्ख्या शहराने त्या वाळवायच्याच नाहीत असे ठरवलेले दिसले. पत्नीने खिम्याशिवाय मागवल्या आणि तीन बशा संपवल्या.

माझे आयुष्य मार्केट यार्डात एका हळदीच्या अडत दुकानात हिशेब लिहिण्यात गेले, त्यामुळे ‘फो’ या सुप्रसिद्ध रश्श्याच्या दुकानी मी चवीआधी वासाकडे गेलो. हाडांच्या त्या रश्श्यात दालचिनी आणि बाद्यान होते, आणि ते बाद्यान लांग सोन प्रांतातले असल्याचे मुलीने सांगितले. आपल्या मसाल्याच्या डब्यातले बाद्यानही बहुतेक त्याच देशातून येते. इतकी वर्षे पोत्यांवर ‘व्हिएतनाम’ हा शब्द वाचला होता, पण पोते तिकडे कोणत्या पातेल्याजवळून निघते याचा विचार कधी शिवला नव्हता. फो मूळचा गोमांसाचा. कोंबडीचा फो १९३९ च्या सुमारास, बाजारात आठवड्यातले दोन दिवस गोमांस मिळत नसे म्हणून रूढ झाला असे सांगतात. ज्या कोणी ते दोन दिवस बंदीचे ठरवले, त्याचे माझ्यावर उपकार आहेत.

वाटेत खांद्यावर कावड घेतलेली एक बाई भेटली. शिखर शिंगणापूरची कावड पाहिलेल्या माणसाला ‘कावड’ याहून दुसरा शब्द सुचणार नाही: बांबूची काठी, दोन टोकांना दोन टोपल्या. एका टोपलीत ‘कोम’ होते, म्हणजे कोवळे हिरवे भात भाजून कांडून केलेले पोहे, आणि ती ते कमळाच्या पानात बांधून देत होती. हा हनोईच्या शरद ऋतूतला मेवा आहे. पोह्यांच्या रूपातला हुरडाच तो. मी पिशवीतून आमचे सांगलीचे भडंग काढून त्या मुलीच्या हातावर ठेवले. तिने खाल्ले, लसणीने डोळ्यांत पाणी आणले आणि पुन्हा हात पुढे केला.

सगळेच गोड होते असे मात्र नाही. पाचव्या ठिकाणी आम्ही प्लॅस्टिकच्या वीतभर उंचीच्या स्टुलांवर, गुडघ्यांच्या तक्रारी दाबून, बसलो असताना गल्लीच्या तोंडाशी कोणीतरी ओरडले आणि पाहता पाहता शेजारच्या दोन विक्रेत्यांची स्टुले, टेबले आणि शेगडीसुद्धा घरात गेली. एक सरकारी गाडी सावकाश पुढे गेली आणि पाच मिनिटांत सगळे पुन्हा बाहेर आले. अतिक्रमणविरोधी पथकाची गाडी आल्यावर हातगाड्या कशा पळतात हे पाहत मोठे झालेल्या सांगलीकराला यात समजावण्यासारखे काही नव्हते, परंतु मुलीने त्यावर एक शब्द काढला नाही आणि मी विचारल्यावरही “पदपथ मोकळा ठेवायचा नियम आहे” एवढेच म्हणाली. आपल्याकडे निदान पथविक्रेत्यांसाठी २०१४ चा कायदा आहे. तो कितपत पाळला जातो हा वेगळा वाद आहे. खाद्यफेरीची मर्यादा मला इथे दिसली. ती तुम्हाला पदार्थाचा इतिहास सांगते, विक्रेत्याचा आजचा दिवस क्वचितच सांगते. शिवाय तीन तासांत सहा ठिकाणे म्हणजे चौथ्यानंतर जिभेपेक्षा पोटाचाच विचार जास्त होतो.

एक गोष्ट तिने केली नाही, त्याबद्दल मी तिचा आभारी आहे. २०१६ मध्ये राष्ट्राध्यक्ष ओबामा आणि अमेरिकी खाद्यप्रवासी अँथनी बोर्डेन यांनी जिथे बुन चा, म्हणजे भाजलेले डुकराचे मांस आणि तांदळाच्या शेवया, खाल्ले, तिथले ते टेबल आता काचेत ठेवलेले आहे. आमच्यातल्या एका ऑस्ट्रेलियन गृहस्थाने तिकडे नेण्याचा आग्रह धरला, तेव्हा तिने सांगितले की बुन चा हे मुळात दुपारचे खाणे आहे, उद्या दुपारी स्वतः जा. शेवटी मात्र तिने अंड्याची कॉफी पाजली. १९४६ मध्ये दुधाची टंचाई असताना मेट्रोपोल हॉटेलातील न्ग्युएन वान जांग या कर्मचाऱ्याने दुधाऐवजी अंड्याचा बलक फेटून घातला, तिथून ही सुरू झाली. बलक, आटवलेले गोड दूध आणि खाली कडू कॉफी. अंड्याचा वास अजिबात येत नाही. व्हिएतनाम हा ब्राझीलखालोखाल जगात सर्वाधिक कॉफी पिकवणारा देश आहे, तेव्हा कडूपणात कसर नव्हती.

आता माझे मत. वाटाड्या घ्यावा, पण पहिल्याच संध्याकाळी. शेवटच्या दिवशी घेतलेला वाटाड्या म्हणजे परीक्षेनंतर लावलेली शिकवणी. पहिल्या संध्याकाळी तो तुमची भीती मोडतो: कोणत्या ठिकाणी एकच पदार्थ होतो आणि माल रात्रीपर्यंत संपतो, पाणी उकळते आहे की नाही, गर्दी गावातल्या लोकांची आहे की आपल्यासारख्यांची, हे बघायला शिकवतो. पुढचे चार दिवस मग तुमचे. “स्वच्छ असेल का?” हा आपल्या मंडळींचा ठरलेला प्रश्न आहे, आणि तो चुकीचाही नाही, परंतु भेळेच्या गाडीसमोर उभे असताना आपण त्याचे उत्तर नजरेनेच काढतो. परक्या शहरात ती नजर तीन तासांत थोडीफार तयार होते, दोन हजार रुपये त्याचे. आणि गावाला पाहुणे आले की “तिथली नको, इथली खा” असे सांगत आपणही त्यांना फिरवतोच की, फक्त पैसे घेत नाही.

चौथ्या दिवशी सकाळी आम्ही दोघेच त्या बान कुऑनवाल्या बाईंकडे गेलो. व्हिएतनामी भाषेत समोरच्याला नात्यानेच हाक मारतात, ‘को ओय’ म्हणजे जवळजवळ ‘अहो आत्या’, हे मुलीने शिकवले होते आणि पत्नीने ते वाटेत दहा वेळा घोकले. तिने हाक मारताच ती बाई पळी हातात धरून खो-खो हसली आणि शेजारणीला काहीतरी सांगू लागली. शेजारणीला मोडके इंग्रजी येत होते, तिने उलगडा केला: ती वाटाडी मुलगी बावीस वर्षांची, तिला ही बाई आत्या, आमची मंडळी साठीच्या घरातली, त्यांनी पंचेचाळीस वर्षांच्या बाईला आत्या म्हणून कसे चालेल? बाईने स्वतःच्या छातीवर हात ठेवून “एम” म्हटले, म्हणजे धाकटी, आणि पत्नीच्या पांढऱ्या केसांकडे बोट दाखवून “ची”, म्हणजे ताई. मग न विचारता खिमा बाजूला सारला, माशाच्या रसाची वाटी उचलून माझ्याकडे सरकवली आणि पत्नीपुढे नुसत्या चकत्यांची बशी ठेवली.