पायरीवर ग्रॅनाइट चढवण्याआधी टेप लावून पाहा

ठाण्याच्या चरईत राहणाऱ्या मामांनी गेल्या आठवड्यात मला एक व्हॉट्सॲप निरोप पाठवला आणि त्याखाली स्वतःची एकच ओळ जोडली, "रविवारी गवंडी येतोय." निरोपाचा मजकूर थोडक्यात असा: विटांच्या जुन्या पायऱ्या फोडण्यात पैसे घालवू नका, त्या ॲसिडने धुऊन घ्या आणि वर केमिकलने, म्हणजे फरशीच्या तयार गोंदाने, चकाकता ग्रॅनाइट थेट चिकटवा, काम एका दिवसात होते, ओल कायमची बंद होते आणि पुढची ५० वर्षे पायऱ्यांकडे बघावे लागत नाही. हाच निरोप मामींच्या भजनी मंडळाच्या गटावरही येऊन गेला होता, त्यामुळे तो खरा असणारच, असा मामांचा युक्तिवाद होता.

या निरोपातली सर्वांत घातक गोष्ट त्यात लिहिलेलीच नाही, आणि ती आहे पायरीची उंची. शनिवारी मी टेप घेऊन गेलो. जमिनीपासून ओट्यापर्यंत चार पायऱ्या, म्हणजे पाच चढ (चढ म्हणजे एका पायरीपासून पुढच्या पायरीपर्यंतची उभी उंची), आणि प्रत्येक चढ १६५ मिलिमीटरच्या आसपास; ज्या कोणी त्या बांधल्या त्याचा हात चोख होता. मात्र पायरीवर दोरी आडवी ताणून धरली, तेव्हा मधोमध चांगला चार सूत, म्हणजे अर्धा इंच खळगा दिसला. असा झिजलेला माथा नुसत्या केमिकलच्या पातळ थराने भरून येत नाही, खाली सिमेंट-वाळूचा माल अंथरावाच लागतो. २५ मिलिमीटर माल आणि २० मिलिमीटर दगड धरला तर प्रत्येक पायरी ४५ मिलिमीटरने वर येते. मधले तीन चढ त्यामुळे बदलत नाहीत, पण जमीन आणि ओटा जागच्या जागी राहिल्यामुळे पहिला चढ २१० होतो आणि शेवटचा १२०. राष्ट्रीय इमारत संहिता २०१६ निवासी जिन्याच्या चढाला १९० मिलिमीटरची कमाल मर्यादा घालते, तर अमेरिकेत प्रचलित असलेली इंटरनॅशनल बिल्डिंग कोड ही संहिता एकाच जिन्यातल्या सर्वांत मोठ्या आणि सर्वांत लहान चढात साडेनऊ मिलिमीटरपेक्षा जास्त फरक चालवून घेत नाही. इथे तो फरक ९० मिलिमीटरचा, म्हणजे साडेतीन इंचांचा होणार होता. खळगा नाही असे मानून सहा मिलिमीटर केमिकलवरच दगड बसवला, तरी पहिला चढ १९१ भरतो आणि फरक ५२ उरतो.

मामी काठी घेऊन उतरतात आणि त्यांच्या पावलाला या पायऱ्या न बघता कळतात. ओट्यावरून उतरताना पाय अपेक्षेपेक्षा लवकर टेकणार, आणि तळाशी, जिथे पायऱ्या संपल्या म्हणून माणूस निर्धास्त होतो, तिथे जमीन जवळजवळ दोन इंच खोल गेलेली असणार. "मग ओटाही उंच करू," असे मामा म्हणाले; पण ओटा तेवढा वर आला तर तो उंबऱ्याला टेकतो आणि पावसाचे पाणी सरळ घरात शिरते.

आता ओल. भाजलेली वीट मुळातच पाणी पिते. आय. एस. १०७७ : १९९२ या भारतीय मानकानुसार साध्या विटेने २४ तास पाण्यात राहून वजनाच्या २० टक्क्यांपर्यंत पाणी शोषले तरी ती उत्तीर्ण धरली जाते; म्हणजे तीन किलोची वीट सहाशे ग्रॅम पाणी पिऊनही चांगलीच ठरते. ग्रॅनाइटचे शोषण साधारण अर्ध्या टक्क्याच्या आत असते. जमिनीतून वर चढणाऱ्या ओलीवर असे झाकण बसवले की ती संपत नाही, सांध्यांतून आणि पायरीच्या उभ्या अंगातून बाहेर पडते आणि जाताना विटेतले क्षार पृष्ठभागावर सोडते. आपण ज्याला लोणा म्हणतो तो हाच. सांधे घट्ट भरले, दगडाला बाहेरच्या बाजूला फुटामागे तीन-चार मिलिमीटर उतार दिला आणि पुढे काढलेल्या कडेच्या खालून पाणी तिथेच ठिबकावे म्हणून एक खाच मारली, तर वरून पडणारे पाणी विटेत कमी मुरते, एवढे मात्र मान्य करावे लागेल. पण त्याला ओल कायमची बंद होणे म्हणत नाहीत.

ॲसिडचा सल्ला कोणी दिला, देव जाणे. जुन्या घरांतल्या विटा बहुतेक वेळा चुन्यात बांधलेल्या असतात आणि ॲसिड चुनाच खाते. एका दिवसाचे म्हणाल, तर फरशी एका दिवसात बसते, पण खालचा माल एका दिवसात पक्का होत नाही. ५० वर्षे दगड टिकेलही, सांधे टिकणार नाहीत. आणि अडीच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडणाऱ्या ठाण्यात उघड्या पायरीवर आरशासारखे पॉलिश करणे म्हणजे घसरगुंडी बांधणे. बाहेर लावायचाच असेल तर फ्लेम्ड किंवा लेदर फिनिशचा, म्हणजे पृष्ठभाग खरखरीत ठेवलेला ग्रॅनाइट नाहीतर खडबडीत कोटा दगड घ्यावा.

न फोडता दगड बसवता येतो, हे निरोपातले अर्धसत्य आहे. विटा पक्क्या असतील, ठोकल्यावर बद्द वाजत नसतील आणि खाली-वर उंची जुळवायला जागा असेल, तर माल पकडावा म्हणून विटांना टाचे मारून (छिन्नीने खरवडून) त्यांवर दगड बसवण्यात काही चूक नाही. मामांकडे ती जागा नाही. त्यांच्या बाबतीत माथ्यावरचा विटांचा थर काढून त्याच जाडीत काँक्रीट आणि दगड बसवणे, म्हणजे सगळे चढ पुन्हा १६५ वर आणणे, हाच मार्ग उरतो.

रविवारी गवंडी आला, त्याने निरोप वाचला आणि काही न बोलता दुसऱ्या पायरीच्या कडेला थापीचे टोक घातले. कोपऱ्यातली वीट अख्खी हातात आली; तिच्याखालच्या चुन्याची ओली माती झाली होती.